तोकोचं उलटं पान

तोकोला मी पहिल्यांदा पाहिलं तेव्हा तिचं डोकं टेबलाखाली होतं आणि बाकीची बाई बाहेर. छापखान्यातून आलेला खोका ओढत होती. मी म्हटलं, "मदत करू का?" आतून आवाज आला, "नको. माझ्या टेबलाला धक्का लावू नका, बास." तेवढ्यात तिनंच डोकं वर काढलं, ते टेबलावर आपटलं आणि माझा चहा माझ्याच पुस्तकांवर सांडला. भिजलेली सगळी पुस्तकं तिनं स्वतःकडे ठेवून घेतली, आपली तेवढीच पुस्तकं मला दिली आणि वर मलाच ऐकवलं, "सांगितलं होतं ना धक्का लावू नका म्हणून." आमची ओळख झाली ती अशी. अशा बाईशी माणूस एक तर कायमचं भांडतो, नाहीतर कायमचा जोडला जातो. मी वीसेक वर्षं दोन्ही करत आले.

तोको हे तिचं खरं नाव नाही. टोकियोतल्या आमच्या हौशी चित्रकथांच्या मेळ्यात खरं नाव कुणी सांगत नाही आणि कुणी विचारतही नाही. जो तो पुस्तकावर छापलेल्या नावानं ओळखला जातो. मी तिथे नामाझु, म्हणजे मिशांचा मागूर मासा. का ते विचारू नका, तरुणपणी माणूस काहीही करतो. तिनं नाव घेतलं होतं तोकोरोतेन. उन्हाळ्यात व्हिनेगर घालून खातात ते शेवाळाचं गिळगिळीत थंडगार खाणं. एवढं लांब कोण म्हणणार, म्हणून तोको. तिचं खरं नाव कुवाए फुमियो, हे मला कळलं ते माझ्या भाचीला किमोनो नेसवायला मी कितासेन्जू भागातल्या एका दुकानात घेऊन गेले तेव्हा. समोर तोको, छातीवर नावाची पट्टी. दोघींनी अनोळखी असल्यासारखं वाकून नमस्कार केला. भाचीला आजतागायत पत्ता नाही.

किमोनो नेसवणं हेच तिचं पोटापाण्याचं काम. जानेवारीत वीस वर्षांच्या पोरींचा समारंभ असतो तेव्हा दुकानात रांग लागते आणि तोको एकीमागून एक पोरी आवळून बाहेर काढते. एखादी कुरकुरली, "श्वास घेता येत नाही हो," की म्हणते, "उद्या घे." हात असे चालतात की बघत राहावं. डावा पदर उजव्यावर, चापून, झालं. आमच्याकडे जिवंत माणसाचा किमोनो असाच नेसतात, डावा पदर वर. उजवा पदर वर घेतात तो फक्त मयताला. लहान पोरानं न्हाणीघरातून येताना उलटा गुंडाळला तरी आया दचकतात. तोकोचं तर सगळं आयुष्यच त्या पदरात गेलेलं.

नवरा बसचा ड्रायव्हर. तो तिचं एकही पुस्तक वाचत नाही. पण न खपलेल्या पुस्तकांचे खोके रचून त्यानं स्वतःसाठी बैठक केली आहे, तिच्यावर बसून बेसबॉल बघतो. "तुझं पुस्तक फार टिकाऊ आहे," असं म्हणतो मेला.

आता पुस्तकांचं. पंचवीस-तीस वर्षांपूर्वी टीव्हीवर कार्टूनची एक मालिका लागायची, सात खाड्यांवरच्या नावाड्यांची. त्यात इसोबे नावाचा नावाडी आणि त्याचा जिवलग मित्र कानजुरो. शेवटी कानजुरो इसोबेला दगा देतो, आणि इसोबे काही न बोलता वल्हं उचलून निघून जातो. संपली मालिका. पुढे त्यानं माफ केलं की नाही, कुणी सांगितलंच नाही. मालिका काढणाऱ्यांना वाटलं असेल, लोक विसरतील. लोक कसले विसरतात. शाळेतल्या पोरींपासून बँकेतल्या बायकांपर्यंत सगळ्यांनी पुढची गोष्ट आपापल्या परीनं काढायला घेतली. चित्रं आपली, गोष्ट आपली, छापणं आपल्या पदरचं, आणि वर्षातून दोनदा मेळ्याच्या मोठ्या हॉलमध्ये टेबल मांडून बसायचं. एका मालिकेवर काढणाऱ्यांना एका रांगेत जागा देतात. नावाड्यांची रांग त्या काळी हॉलच्या या टोकापासून त्या टोकाला जायची म्हणतात.

त्या रांगेत तोकोला शिगुरे भेटली. शिगुरे म्हणजे थंडीच्या तोंडावरचा भुरभुर पाऊस. नाव बघा आणि बाई बघा. उरावाला डोळ्यांच्या दवाखान्यात काउंटरवर बसायची, शिस्तीची, टेबलावरचं कापड घरून इस्त्री करून आणायची. तोकोच्या कापडावर सोयासॉसचे डाग. दोघी दिवसभर चिकटलेल्या असायच्या. एकीनं पान काढायचं, दुसरीनं फॅक्सवर मागवून चुका काढायच्या. "इसोबे असं कधी हसेल का?" "का नाही हसणार, तो माणूस आहे, मठातली घंटा नाही." असं चालायचं. मी त्यांच्या शेजारच्या टेबलावर, सार्वजनिक न्हाणीघरांवर चित्रकथा काढणारी. माझ्या विषयाला रांगच नाही, म्हणून आम्हा उरल्यासुरल्यांना नावाड्यांच्या शेपटाला बसवत. मी दोघींचं ऐकून ऐकून मालिका न बघताच तज्ज्ञ झाले.

आणि मग त्या भांडल्या. मेळा संपल्यावर आम्ही तिघी जेवायला गेलो होतो. विषय नेहमीचाच, इसोबे माफ करेल की नाही. तोको म्हणे, करेल, वेळ लागेल पण करेल. शिगुरे म्हणे, जिवंतपणी नाही. मेल्यावर कदाचित. शब्दाला शब्द वाढत गेला आणि तोको बोलून गेली, "तुझ्याच मनात कडू आहे, म्हणून तुला सगळे तसे दिसतात." शिगुरेनं चॉपस्टिक सरळ जुळवून खाली ठेवल्या, आपल्या वाटणीचे पैसे ठेवले आणि गेली. त्या वर्षी तिचे वडील गेले होते. लहानपणीच घर सोडून गेलेला बाप. शेवटी त्यानं बोलावलं होतं आणि ही गेली नव्हती. हे आम्हाला पुढे तिसऱ्याच कुणाकडून कळलं. तोकोचा चेहरा तेव्हा बघवेना.

माफी मागावी की नाही? पण ही बाई नाकावर माशी बसू न देणारी, आणि ती दुसरी तोंडाला कुलूप लावून बसलेली. एक मेळा गेला, दोन गेले, दहा-अकरा वर्षं गेली. गंमत अशी, म्हणजे रडू येईल अशी गंमत, की तेवढ्या काळात नावाड्यांची रांग आटत गेली. कुणाची लग्नं, कुणाला नवीन मालिकांचं वेड. शेवटी अख्ख्या हॉलमध्ये नावाड्यांची टेबलं उरली दोन. अर्थातच एकमेकांना लागून. दर उन्हाळ्यात आणि दर डिसेंबरात या दोघी कोपराला कोपर लावून दिवसभर बसायच्या आणि बोलायच्या नाहीत.

एक सोडून. आमच्याकडे रीत आहे की सकाळी टेबल मांडलं की शेजाऱ्याला आपलं नवीन पुस्तक द्यायचं. शत्रू असला तरी. तर दर मेळ्याच्या सकाळी या दोघी उठून उभ्या राहायच्या, वाकायच्या, "आपल्याला आज त्रास होईल, सांभाळून घ्यावं," "छे, आपणच सांभाळून घ्यावं," आणि पुस्तकांची अदलाबदल. आपण, आपल्याला. एकेकाळी एकाच बाटलीतून पाणी प्यायलेल्या बायका. शिगुरे ते पुस्तक न उघडता पिशवीत टाकायची. मला दर वेळी वाटायचं, दोघींची डोकी धरून एकमेकांवर आपटावीत.

गेल्या ऑगस्टमध्ये मी हॉलमध्ये पोचले तर तोको दगडासारखी बसलेली. मी म्हटलं, "काय गं, उन्हात शिजलीस काय?" तिनं हनुवटीनं शेजारी दाखवलं. शिगुरेच्या टेबलावर, इस्त्रीच्या कापडावर, एक छोटा पुठ्ठा उभा केलेला: "नावाड्यांवरचं माझं काम इथे थांबतं. इतकी वर्षं वाचलंत, आभारी आहे. यापुढे टेबल लावणार नाही." शिगुरे पाण्याच्या बाटल्या आणायला गेली होती. पलीकडच्या मुलीनं सांगितलं, त्या तोत्तोरीला भावाकडे राहायला चालल्यात, आई अंथरुणाला खिळली आहे, टोकियोतलं घर रिकामं केलं.

"मग आज बोल," मी म्हटलं. "आज नाही तर कधी बोलणार आहेस?"

"बोललेय मी," तोको म्हणाली. "पुस्तकात बोललेय."

आणि तिनं सांगितलं. यंदाच्या पुस्तकात तिनं पहिल्यांदाच तो प्रसंग काढला होता. म्हातारा कानजुरो खाडीवर येतो आणि म्हणतो, "मी बोललो ते चुकलं. मला माहीत नव्हतं, आणि विचारलंही नाही." मालिकेत कानजुरो काही बोलून चुकलेलाच नाही, त्यानं इसोबेची नाव जाळली होती. हे वाक्य कुणाचं आणि कुणासाठी, ते आंधळ्यालाही कळलं असतं. आणि पुढच्याच पानावर, अख्ख्या पानभर, इसोबे वळून त्याच्याकडे बघतो. माफ केल्यासारखा. "ते पान मी सात वेळा काढलं," तोको म्हणाली. "बोटं दुखतात आता, पण काढलं."

"मग अशी बसलीस कशाला?"

तिनं खोका उघडला होता, वरचं पुस्तक माझ्यासमोर धरलं. मला आधी काही कळेना. सुंदर पान. मग माझी नजर गळ्यापाशी गेली. इसोबेचा उजवा पदर वर होता.

झालं होतं ते असं. चित्र काढणारा कुणीही पान मधेच आरशात बघितल्यासारखं उलटं करून बघतो. सरळ बघून बघून डोळा सरावतो, उलटं केलं की चेहऱ्याचा वाकडेपणा पटकन दिसतो. पूर्वी आम्ही कागद उजेडासमोर पालथा धरायचो. आता टॅबलेटवर बटण असतं. तोकोची बोटं आखडायला लागल्यापासून तिनं टॅबलेट घेतला होता. पान उलटं केलं, बघितलं, आणि परत सरळ करायचं राहिलं. वर शब्द बसवून टाकले. शब्द सरळ, माणूस उलटा. आणि छापखान्यातून खोके थेट हॉलमध्ये येतात, त्यामुळे ते दिसलं ते तेव्हाच, टेबलापाशी.

"वीस वर्षं मी पोरींना नेसवतेय," ती म्हणाली, "आणि माझ्या इसोबेला मयत केलं. त्याच पानावर. तिला वाटेल मी तिची थट्टा केली. तिच्या बापाची थट्टा केली. मी हे देणार नाही तिला. जुनं पुस्तक देते."

"शेवटच्या दिवशी जुनं पुस्तक? ते तर तोंडावर मारल्यासारखं होईल."

"मग काय करू, तूच सांग."

तेवढ्यात शिगुरे बाटल्या घेऊन आलीच. पुस्तक काढून उभी राहिली, वाकली. तोकोला उठणं भाग होतं. "आपल्याला आज त्रास होईल," शिगुरे म्हणाली, आणि थांबून पुढे, "इतकी वर्षं झाला, तसाच." हे नवीन होतं. तोकोनं दोन्ही हातांनी पुस्तक पुढे केलं. मेळा सुरू झाल्याची घोषणा झाली, सगळ्या हॉलनं रिवाजाप्रमाणे टाळ्या वाजवल्या, आम्हीही वाजवल्या. तोकोच्या टाळीचा आवाजच आला नाही.

शिगुरेनं पुस्तक पिशवीत टाकलं नाही. खुर्चीवर बसून उघडलं.

मी न्हाणीघरांची पुस्तकं मांडत होते, पण माझं सगळं लक्ष तिकडे. कुणी गिऱ्हाईक आलं तर मी कोणतं पुस्तक दिलं देव जाणे. शिगुरे प्रत्येक पानावर सावकाश थांबत होती, दवाखान्यात चिठ्ठ्या तपासत असेल तशी. कानजुरोच्या वाक्यावर ती फार वेळ थांबली. मग पान उलटलं. तिचं बोट इसोबेच्या गळ्यापाशी गेलं, पदरावर टेकलं आणि तिथेच राहिलं. तोको समोर बघत होती, ऑगस्टच्या उकाड्यात पांढरीफटक.

"तोको-सान," शिगुरे म्हणाली. आपण नाही, आपल्याला नाही. "हा मेलेला आहे ना?"

तोकोनं मान खाली घातली. शिगुरेच पुढे म्हणाली,

"तू नेसवणारी बाई. पदर तुझ्याकडून असाच चुकणार नाही. म्हणजे इसोबेनं माफ केलं, पण मेल्यावर. मी म्हणत होते तेच. माझं म्हणणं तू मान्य केलंस. मला वाटलं नव्हतं तू कधी मान्य करशील."

मी टेबलाखालून तोकोच्या पायावर पाय दिला. जोरात. अगं, हो म्हण. एक शब्द, 'हो', आणि तुझी मैत्रीण तुला परत मिळाली. तोत्तोरीला जाईल, आनंदात जाईल, पत्रं लिहील. उद्या कुणाला कळणार आहे? मी असते तर शंभर वेळा हो म्हटलं असतं आणि वर डोळे पुसले असते.

तोकोनं पाय ओढून घेतला. तिनं शिगुरेकडे पाहिलं, त्या इतक्या वर्षांत पहिल्यांदा नीट, आणि मला दिसलं की ही आता वाटोळं करणार.

"चुकलं माझं," ती म्हणाली. "पान उलटं करून बघितलं आणि सरळ करायचं विसरले. तो जिवंत आहे, शिगुरे. मी त्याला जिवंतच काढला होता. मला म्हणायचं होतं की तो जिवंतपणी माफ करतो. तुझं म्हणणं मी मान्य नाही केलं. तुला जे बोलले ते मात्र चुकलं, तेवढं खरं. ते चुकून नाही छापलं."

पलीकडच्या मुलीनं मान खाली घालून उगाच पुस्तकांच्या चळती सरळ केल्या. शिगुरेनं पुस्तक मिटलं. मला वाटलं, संपलं. आता ती चॉपस्टिकसारखी सरळ उठेल, कापडाची घडी घालेल आणि जाईल.

"गालावरचा वण," शिगुरे म्हणाली.

"काय?"

"इसोबेचा वण डाव्या गालावर असतो. इथे उजव्यावर आहे. वल्हंही दुसऱ्या हातात आहे. मी तो गाल तुझ्यापेक्षा जास्त वेळा काढलाय. उलटं पान मला कळणार नाही असं वाटलं तुला?" तिनं चष्मा काढून त्याच इस्त्रीच्या कापडाला पुसला, जे ती एरवी कुणाला बोट लावू देत नसे. "बघताक्षणी कळलं. पण तुझ्याशी बोलायला काहीतरी निमित्त हवं होतं ना मला. म्हणून पदराचं धरलं. म्हटलं, ही हो म्हणेल, मी हो म्हणेन, निभून जाईल. तर तू सुद्धा अशी, की निभू द्यायची नाहीस."

तोको रडायला लागली. मोठ्यानं, नाक ओढत, रांगेतले लोक वळून बघतायत याची पर्वा न करता. मी दोन्ही टेबलांवरचे पैसे घ्यायला लागले, कारण कुणीतरी घ्यायला हवे होते. तिचं ते उलट्या पानाचं पुस्तक त्या दिवशी बरंच खपलं, आणि घेणाऱ्या प्रत्येकाला मी सांगत होते, हे असं का आहे ते विचारू नका.

जरा वेळानं रडणं थांबलं तशी तोको नाक पुसत म्हणाली, "म्हणजे तुलाही पटलं ना? इसोबे जिवंतपणी माफ करतो."

"अजिबात नाही," शिगुरे म्हणाली. "इसोबे करणार नाही. जन्मात नाही. तू त्या माणसाला ओळखलंच नाहीस."

"मग तू का केलंस?"

शिगुरेनं आपली खुर्ची उचलली आणि तोकोच्या टेबलामागे आणून ठेवली.

"मी काय इसोबे आहे?"